डब्यावर लिहिलं होतं 'पानशेत'

पुण्यात ट्राम कधीच धावली नाही. हे पुण्यातल्या कुणालाही सांगावं लागत नाही, पण एका परदेशी फुटेज एजन्सीला ठाऊक नव्हतं. त्यांनी 'पूना फ्लड, १९६१' म्हणून पाठवलेल्या क्लिपमध्ये गुडघाभर पाण्यातून चालणारी माणसं होती, छत्र्या होत्या आणि फ्रेमच्या वरच्या कोपऱ्यात ट्रामच्या तारा होत्या. आमच्या दिग्दर्शकाला क्लिप भयंकर आवडली. "कोणाला कळणार आहे?" तो म्हणाला. म्हटलं, "पुणेकरांना." तिथे विषय संपला आणि मी बॅग भरायला घेतली.

मी माहितीपटांसाठी आणि सिनेमांसाठी जुनं फुटेज शोधून देते. हे काम नातेवाइकांना समजावणं मी केव्हाच सोडून दिलंय. "म्हणजे यूट्यूबवर बघायचं ना?" असं विचारतात. शोधणं हा यातला लहानसा भाग. खरा वेळ जातो तो 'हे ते नाही' हे सिद्ध करण्यात, आणि जे खरं आहे त्याचा मालक कोण, सही कोण करणार, हे उलगडण्यात. या वेळचा माहितीपट मुठा नदीवर आहे. नदीवर म्हटलं की १२ जुलै १९६१ टाळता येत नाही. सकाळी पानशेतचं धरण फुटलं, मग खडकवासला गेलं आणि अर्धं पुणं पाण्याखाली गेलं. त्या दिवसाचे फोटो बरेच सापडतात, हलती चित्रं फार कमी. जी फिरतात त्यांतली निम्मी कुठलीतरी दुसरीच असतात.

सोमवार

डोंबिवलीहून सकाळची गाडी, घाटात धुकं, पुणे स्टेशनात उतरले तेव्हा भुरभुर. स्टेशनवरून मेट्रोने थेट नळस्टॉपला आले. लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जाणाऱ्यांना हे आता फारच सोयीचं झालंय, पुढे पायी जाता येतं. रिक्षाशी हुज्जत घालायची हौस असेल तर तोही पर्याय आहेच.

हे संग्रहालय १९६४ सालचं. पी. के. नायर नावाच्या माणसाने आयुष्य घालून ते उभं केलं, आणि आमच्या धंद्यातले लोक त्यांचं नाव जरा कानाला हात लावूनच घेतात. २०२२पासून ते एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, छत्राखाली गेलंय. बाहेरच्या माणसाला तिथे काय मिळतं? फिल्म तर आहेतच, पण माझा जीव अडकतो तो ग्रंथालयात. पोस्टर, सिनेमाच्या गाण्यांच्या पुस्तिका, जुने सेन्सॉरचे कागद. एखाद्या रस्त्याच्या शॉटमध्ये भिंतीवर पोस्टर दिसलं की तो सिनेमा केव्हा लागला होता हे इथून काढता येतं, आणि शॉटचं साल दोन-चार महिन्यांच्या फरकाने हाती लागतं.

वाचनाच्या टेबलावर समोर लातूरकडचा एक मुलगा बसला होता, पीएचडीसाठी तमाशापटांच्या जाहिराती चाळत. दुपारी चहाला बाहेर पडलो तेव्हा त्याने विचारलं, "ताई, पण डब्यावर जे लिहिलंय ते चुकीचं कसं असेल?" त्याला फाळक्यांचं उदाहरण दिलं. १९१३च्या 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी दोन उरली, असं आपण शाळेपासून ऐकतो. पण ती उरलेली रिळं फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या आवृत्तीची आहेत, असं अनेक अभ्यासकांचं म्हणणं आहे. देशाच्या पहिल्या सिनेमाची ही कथा, तर कुणाच्या पुराच्या क्लिपची काय पत्रास! पोरगं चहा घ्यायचंच विसरलं.

पाहायला मागवलेल्या रिळांत पानशेत नव्हतं. तशी आशा फार धरलीही नव्हती. तरी डेक्कनवरच्या सायकलींचा एक सुंदर तुकडा मिळाला. सायकलींचा एवढा लोंढा, की रस्ता ओलांडणाऱ्या नऊवारीतल्या बाई हात वर करून थांबल्यात आणि सायकलवाले त्यांना वळसा घालून जाताहेत. पूर येण्याआधीचं शहर दाखवायला याहून चांगलं काही मिळणार नाही.

जाणाऱ्यांसाठी थोडं. आधी मेल करा, कामाचं पत्र न्या, कोणत्या फिल्म हव्यात ते नावानिशी लिहा. 'जुनं पुणं दाखवा' म्हटलं तर कुणीच काही दाखवू शकत नाही. शनिवार-रविवार आणि केंद्र सरकारी सुट्ट्या बघून तिकीट काढा. नोंदीत लांबी फुटांत असते. ३५ मिमीचे ९० फूट म्हणजे एक मिनिट, एवढं डोक्यात ठेवलं की हजार फुटांचं रीळ साधारण अकरा मिनिटांचं, हे लगेच कळतं. आणि फिल्म संग्रहालयात असली म्हणजे तिचे हक्क संग्रहालयाकडे असतात असं नाही. ते सांभाळतात, मालक बहुधा दुसराच असतो. प्रत हवी असेल तर त्याची लेखी परवानगी तुम्हीच आणायची.

संध्याकाळी पाऊस असा कोसळला की कॅफे गुडलकमध्ये अडकून पडले. बनमस्का, चहा, परत बनमस्का. फर्ग्युसनच्या बाजूने परतताना रँग्लर परांजपे आठवले. १९०१ साली ते केंब्रिजहून परतले तेव्हा मुंबईत त्यांचं स्वागत झालं, ते सावे दादांनी म्हणजे भाटवडेकरांनी कॅमेऱ्यात टिपलं होतं. आपल्याकडचं पहिलं बातमीचित्र म्हणतात ते हेच. आज त्याची एक फ्रेमही उरलेली नाही. पुढे फर्ग्युसनचे प्राचार्य झालेल्या माणसाचा एवढा मोठा सोहळा, आणि माझ्यासारखीच्या हातात फक्त 'असं असं चित्रण झालं होतं' हे वाक्य.

मंगळवार

आधी बेडेकरांची मिसळ. ती पावाबरोबर नाही, ब्रेडच्या स्लाइसबरोबर खायची असते, आणि तिखटाच्या अपेक्षेने जाऊ नये. कोल्हापूरच्या माणसाला सोबत नेऊन तिथे मैत्री तोडू नये.

मग नारायण पेठेत जुन्या वर्तमानपत्रांचे बांधीव गठ्ठे. जुलै १९६१चे कागद इतके पिवळे आणि कडक झालेत की पान उलटताना श्वास रोखावा लागतो. मी फुटेजसाठी वर्तमानपत्र कशाला वाचते, असं सगळे विचारतात. त्या दिवसाची तासवार यादी हवी असते म्हणून. पाणी कुठे केव्हा शिरलं, वीज केव्हा गेली, ऊन होतं की ढग होते, हे माहीत असलं की कुणी 'त्याच दुपारची' म्हणून दिलेल्या चित्रणात लख्ख सावल्या दिसल्या की संशय घेता येतो. आणखी एक गोष्ट पंचांगातून मिळाली. बुधवार होता आणि अमावस्या. वीज नाही, चंद्र नाही. म्हणजे त्या रात्रीचं चित्रण कोणी देऊ केलं तर आधी हात जोडायचे.

दुपारी ओंकारेश्वराकडून नव्या पुलापर्यंत चालत गेले. नदीला पाणी बरं होतं, काठाला कपडे धुणाऱ्या दोघी सोडल्या तर चिटपाखरू नाही. पुलाच्या अलीकडे एका जुन्या घराच्या दारात एक काका पेपर वाचत बसले होते. दाराच्या चौकटीशेजारी, माझ्या डोक्याच्या बरंच वर, भिंतीत एक आडवी खाच आणि तिला तेलरंग. मी खाचेकडे बघतेय हे त्यांनी पाहिलं.

"पानशेत," ते म्हणाले. "तिथवर. रंग दर दिवाळीला मी देतो. भाडेकरू म्हणतात घर विद्रूप दिसतं. म्हटलं, दिसू दे."

ते तेव्हा बारा-तेरा वर्षांचे. पर्वतीकडे पळाले. आई पुढे, हातात धाकटा भाऊ, आणि मागून आजोबा ओरडताहेत की दाराला कुलूप लावलं का! कुलूप लावलं होतं. परत आले तेव्हा कुलूप जागेवर होतं, दार नव्हतं.

टॅबवर ट्रामवाली क्लिप दाखवली. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, दोनदा बघितली. "पाणी चांगलं आहे," ते म्हणाले, "आमचं नाही." ट्रामच्या तारांपर्यंत ते पोचलेच नव्हते. "हे लोक उभे राहून बघतायत, छत्र्या घेऊन. आमच्याकडे बघायला कोण थांबलं होतं? आणि आमचं पाणी असं नव्हतं. त्यात चिखल, लाकडं, म्हशी."

हौशी लोकांनी रंगीत का टिपलं नसेल, त्याचं उत्तर मला ठाऊक होतं. तेव्हाची घरगुती कोडाक्रोम, म्हणजे कोडॅकची रंगीत फिल्म, फार मंद, तिला उजेड भरपूर लागायचा. फिल्मच्या वेगाच्या मापात जुनी १० एएसए, आणि त्याच साली आलेली नवी २५. भर पावसाळी ढगांत ती निव्वळ काळोख देते. कच्ची फिल्म मिळायचीही मारामार. पण काकांचं उत्तर जास्त खरं होतं. "मॅडम, कॅमेरा असणारा माणूससुद्धा आधी पोरं उचलतो."

उठताना त्यांनी सहज सांगितलं की एरंडवण्यात त्यांच्या ओळखीच्या एक आजी आहेत, पूर्वी शनिवार पेठेत राहायच्या, मिस्टरांना सिनेमाच्या कॅमेऱ्याचा नाद होता. "डबे असतील अजून. पण चारच्या आधी फोन करू नका." मी सव्वाचारला केला.

बुधवार

या दिवसासाठीच खरं तर हे लिहायला बसलेय.

आजी पंच्याऐंशीच्या पुढच्या. दार उघडल्या उघडल्या पहिला प्रश्न, "जेवून आलीस ना गं? मी काही केलं नाहीये." आणि पाच मिनिटांत साबुदाण्याची खिचडी पुढ्यात. टेबलावर आधीच वर्तमानपत्र अंथरून त्यावर दोन डबे मांडलेले. एक बिस्किटांचा पत्र्याचा डबा, दुसरा फिल्मचा पिवळा, लहानसा.

बिस्किटांच्या डब्यावर चिकटपट्टी आणि त्यावर निळ्या शाईत मोठ्या अक्षरांत: पानशेत.

छातीत धडधडलंच. हातमोजे घातले, झाकण उघडलं आणि सवयीप्रमाणे आधी वास घेतला. अॅसिटेट फिल्म खराब व्हायला लागली की व्हिनेगरचा वास येतो. तो एकदा सुरू झाला की थांबत नाही, शेजारच्या रिळांनाही लागतो. इथे वास नव्हता, नुसता जुन्या कपाटाचा. दोन वितीएवढी फिल्म उलगडून खिडकीशी धरली आणि भिंग लावलं. कडेची भोकं बारीक, आणि प्रत्येक भोक चित्राच्या मधोमध. सुपर ८, घरगुती कॅमेऱ्यांच्या आठ मिमी फिल्मची एक जात. आणि सुपर ८ बाजारात आलं १९६५ साली. चित्र पाहायच्या आधीच निकाल लागला, ही १९६१ची असूच शकत नाही.

पुढच्या फ्रेममध्ये सतरंजी, स्टीलचा पाचपुडी डबा आणि टोपी घातलेली तीन मुलं पाण्याकडे पाठ करून उभी.

"अगं, ती आमची सहल," आजी म्हणाल्या. "धरण परत बांधलं ना, मग सगळे बघायला जायचे." लेबलात काही खोटं नव्हतं. पानशेतच होतं ते.

पिवळ्या डब्यावर लिहिलेलं 'बाळूची मुंज'. मी तो उघडला तो केवळ समोर होता म्हणून, आणि खिचडी संपली नव्हती म्हणून. भोकं मोठी, दोन चित्रांच्या मधल्या रेषेवर. म्हणजे रेग्युलर ८, सुपर ८च्या आधीची जात. हिची गंमत अशी, की कॅमेऱ्यात १६ मिमी रुंदीची, पंचवीस फुटांची फिल्म घालायची. एक बाजू संपली की स्पूल, म्हणजे फिल्मची फिरकी, काढून उलटी घालायची, मग दुसरी बाजू. धुऊन झाल्यावर लॅब ती उभी चिरायची आणि टोकाला टोक जोडून पन्नास फूट परत द्यायची. सेकंदाला सोळा फ्रेमच्या हिशेबाने चार मिनिटं. मध्ये, जिथे स्पूल उलटताना उजेड शिरलेला असतो, तिथे नारिंगी-पांढरा झगझगाट असतो.

मी इंचाइंचाने सरकवत गेले. मुंडावळ्या, मातृभोजन, केळीचे खांब, एका बाईंचा पदर पूर्ण फ्रेमभर. कोडाक्रोमचे रंग उतरत नाहीत, लाल नऊवारी आज विणल्यासारखी. मग झगझगाट. आणि त्याच्या पलीकडे मुंज नव्हती.

चिखल होता. दारात ढिगाने काढलेला काळपट चिखल, घमेली घेऊन वाकलेली दोन माणसं. रस्त्यावर ओळीने पलंग, गाद्या, उघडी कपाटं, एक हार्मोनियम. भिंतीवर माणसाच्या वर सरळ रेघ, खाली मातकट, वर चुना.

आजींनी भिंग मागितलं. बराच वेळ काही बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, "हार्मोनियम सासऱ्यांची. वाजली नाही परत." आणि लगेच, "ही घमेलं धरलेली मी नाहीये हं. मी एवढी जाड कधीच नव्हते. ही नणंद."

हळूहळू सगळं जुळलं. मुंज त्या उन्हाळ्यात झाली. एक बाजू संपली, यजमानांनी स्पूल उलटून ठेवला आणि कॅमेरा ट्रंकेत घालून माळ्यावर टाकला. पाणी माळ्याच्या चार बोटं खाली थांबलं. घर सगळं गेलं, कॅमेरा कोरडा. नंतर केव्हातरी उघडीप मिळाली तेव्हा त्यांनी उरलेल्या बाजूतला थोडा भाग आपल्या दारातच खर्च केला. लॅबमधून आलं तेव्हा डब्यावर अर्थातच मुंजीचं नाव पडलं. साधारण तीस सेकंद. त्यानंतर सिंहगड आणि पिठलं-भाकरी.

तरी एवढ्यावर मी सही करत नाही. फिल्मच्या कडेला कोडॅकच्या सालाच्या खुणा असतात, चौकोन, त्रिकोण, वर्तुळ. त्या टिपल्या. पण त्या वीस वर्षांनी तशाच परत येतात आणि सांगतात फक्त फिल्म केव्हा बनली ते. म्हणून रेघेची उंची, समोरच्या दुकानाच्या पाटीची अर्धी अक्षरं, आजींचं बोलणं रेकॉर्डरवर, आणि रात्री काकांना दुकानाच्या पाटीचा फोटो. त्यांचं उत्तर एका ओळीत आलं: "आमच्या मागची गल्ली. डावीकडे दिसतो तो नळ नगरपालिकेचा."

तुमच्या घरी असे डबे असतील तर एवढं करा. माळ्यावर ठेवू नका, तिथे उन्हाळ्यात भाजून निघतात. प्लास्टिकच्या पिशवीत गच्च बांधू नका, हवा लागली पाहिजे. आजोबांचा प्रोजेक्टर सापडला म्हणून त्यावर चालवून बघू नका. फिल्म आकसलेली असते, दातऱ्यांत अडकून फाटते. भिंतीवर पाडून मोबाइलने शूट करणं हा तर अत्याचार आहे. डब्यावर जे लिहिलंय ते खोडू नका, चुकीचं असलं तरी. शेजारी दुसरी चिठ्ठी लावा आणि घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला समोर बसवून नावं लिहून घ्या. हे काम पुढच्या वर्षावर टाकू नका.

गुरुवार

रीळ स्कॅनिंगला देण्याआधी हातात दोन तास होते, म्हणून फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातलं प्रभात फिल्म कंपनीचं संग्रहालय पाहून घेतलं. कोल्हापुरात १९२९ साली निघालेली कंपनी १९३३मध्ये पुण्यात आली, त्याच जागेत १९६०पासून इन्स्टिट्यूट. भेटीची वेळ आधी विचारून जा, फाटकावरून परत पाठवतात. याच आवारातल्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला ८ जानेवारी २००३ रोजी आग लागली होती. नायट्रेट एकदा पेटलं की विझत नाही, पाण्याखालीही जळतं. कितीतरी जुन्या मूकपटांची आणि बोलपटांची रिळं त्यात गेली. पावसात त्या आवारात फिरताना माझ्या खांद्यावरच्या पिशवीत मुंजीचा डबा होता आणि मी ती पिशवी पोटाशी धरूनच फिरत होते. सुरक्षारक्षकाला काय वाटलं असेल देव जाणे.

दुपारी दिग्दर्शकाला फोन केला. "तीस सेकंदच? पाणी दिसत नाही त्यात?" पाणी नाही, म्हटलं, पाण्यानंतरचं आहे. तो गप्प झाला. मग म्हणाला, हार्मोनियमवर किती वेळ आहे? सहा सेकंद. "ती सहा तशीच ठेवू, कापणार नाही." माणूस वाईट नाही, घाईत असतो.

हक्कांचं गणित इथे उलटं आहे, ते सांगते, कारण पुष्कळांची यात फसगत होते. १९६१ साली प्रदर्शित झालेल्या चित्रणाचे हक्क आपल्या कायद्याप्रमाणे साठ वर्षांनी, म्हणजे २०२१च्या अखेरीला संपले. पण घरगुती फिल्म कधी प्रदर्शितच झाली नाही, त्यामुळे तिची साठ वर्षं अजून सुरूच झालेली नाहीत. 'जुनं आहे, फुकट आहे' असं इथे चालत नाही. वारसांची लेखी संमती लागते, सगळ्यांची.

आजींनी कागद नीट वाचून सही केली. पैशांबद्दल एक शब्द नाही, अटी तीन. यजमानांचं नाव श्रेयनामावलीत पूर्ण आणि बिनचूक हवं. प्रत पेनड्राइव्हवर नको, 'टीव्हीवर लागेल असं काहीतरी' हवं. आणि घमेलंवाली कोण आहे हे खाली लिहून येणार असेल तर नणंदेला आधी विचारायचं, कारण कॅमेरा मुळात सासऱ्यांच्या पैशांचा, म्हणजे त्यात तिचाही वाटा.

नणंदबाई नाशिकला असतात. अनोळखी नंबर उचलत नाहीत, मेसेज वाचतात आणि उत्तर देत नाहीत. शेवटी आजींनीच त्यांना फोन करून माझी शिफारस केली आणि मला बजावलं, "हात हलवत जाऊ नकोस. बाकरवडी ने. आंबाबर्फी नको, तिला शुगर आहे." शनिवारचं तिकीट काढलंय. बाकरवडीचं पाकीट कपाटात कपड्यांच्या मागे आहे, घरातल्यांना अजून पत्ता लागलेला नाही.